मराठवाड्यात ट्राम का धावली नाही, आणि आता धावेल का?

छत्रपती संभाजीनगरमध्ये वास्तुशास्त्र शिकणाऱ्या एका विद्यार्थिनीने प्रबंधासाठी चार प्रश्न पाठवलेत. मराठवाड्यात कधी ट्राम होती का? नसेल तर का नव्हती? जगभर बंद पडलेल्या ट्राम आता 'लाइट रेल' या नावाने परत का येतायत? आणि आपल्या शहराला मेट्रोऐवजी ती चालेल का? माझ्या नोकरीची सुरुवातीची वर्षं कुर्डुवाडी–लातूर छोट्या लाईनवर रुळांच्या देखभालीत गेली आणि नंतरची शहरांमधली वाहतूक मोजण्यात, म्हणून हे प्रश्न माझ्याकडे आले. उत्तर लांबणार आहे. चहा घेऊन बसा.

पहिल्याचं उत्तर एका शब्दात: नाही. मराठवाड्यातल्या एकाही शहराच्या रस्त्यावर ट्राम धावलेली नाही. पण 'लाइट रेल्वे' म्हणाल तर ती आपल्याकडे होती, आणि अशी होती की तिची आखणी इंग्लंडमध्ये नमुना म्हणून पुढे वापरली गेली. तिचं नावच बार्शी लाईट. बार्शी सोलापूर जिल्ह्यात, हे कबूल. पण त्या लाईनचं पूर्वेकडचं टोक लातूर, आणि मधली येडशी, ढोकी, मुरूड ही सगळी स्टेशनं आपलीच. तुमच्या प्रबंधाची सुरुवात मी लंडन-पॅरिसपासून न करता इथूनच केली असती.

गोष्ट अशी. जीआयपी (ग्रेट इंडियन पेनिन्सुला) रेल्वेचा मोठा मार्ग बार्शी गावाला बाजूला टाकून गेला. बार्शी तेव्हा कापसाची आणि धान्याची मोठी पेठ. माल बैलगाड्यांतून 'बार्शी रोड' स्टेशनापर्यंत, म्हणजे आजच्या कुर्डुवाडीपर्यंत, आणावा लागे. एव्हरार्ड कॅलथ्रॉप नावाचा इंग्रज इंजिनिअर जीआयपीमध्ये लोकोमोटिव्ह इन्स्पेक्टर होता. त्याने हा बैलगाड्यांचा तांडा पाहिला आणि वर्षानुवर्षं पाठपुरावा करून १८९५ साली बार्शी लाईट रेल्वे कंपनी काढली. १८९७ मध्ये कुर्डुवाडी ते बार्शी हा साधारण ३५ किलोमीटरचा तुकडा सुरू झाला. पंढरपूरची शाखा १९०६ च्या सुमारास झाली, लातूरला गाडी १९११ मध्ये पोचली आणि मिरजेला १९२७ मध्ये. एकूण २०२ मैल. रुंदी अडीच फूट, म्हणजे ७६२ मिलिमीटर.

आता यात 'लाइट' काय आहे? बहुतेकांना वाटतं, लहान गाडी म्हणजे लाइट. तसं नाही. रुळाला गाडीची लांबी कळत नाही, डबे किती तेही कळत नाही. त्याला कळतं ते एका वेळी एका आसावरून किती वजन उतरलं एवढंच. याला आम्ही अॅक्सल लोड म्हणतो. कॅलथ्रॉपचा मुद्दा साधा होता: इंजिन असो, मालडबा असो की प्रवासी डबा, प्रत्येक आसावर सारखंच वजन ठेवा, पाच टन. त्या काळच्या छोट्या लाईन्सवर इंजिन जड आणि डबे हलके असत. त्यामुळे रूळ इंजिनाच्या हिशोबाने जाड घालावा लागे आणि बाकीची गाडी तो खर्च फुकट घालवी. त्याने इंजिनाचं वजन जास्त चाकांवर पसरवलं, डबे लांब आणि बोगीवाले (म्हणजे वळणावर स्वतंत्र वळणाऱ्या चाकांच्या चौकटींवर बसवलेले) केले, आणि एका यार्डाला ३० पौंड इतक्या हलक्या रुळावर सगळं बसवलं. मीटरला साधारण १५ किलो. आजच्या ब्रॉडगेजचा रूळ मीटरला ६० किलोचा असतो. चौपट! १८९६ साली लीड्सजवळ न्यूले इथे प्रयोगासाठी वेगळी लाईन टाकून त्याने हे डबे-इंजिन लोकांना दाखवलं आणि मगच ते जहाजात चढवलं. १९०४ ला सुरू झालेली इंग्लंडमधली लीक अँड मॅनिफोल्ड लाईन त्यानेच याच धर्तीवर आखली. (पुढे हा गृहस्थ वैमानिकांसाठी पॅराशूट बनवायच्या मागे लागला. डोकं एका जागी न बसणारा माणूस.)

मी लाईनवर गेलो तोवर कंपनी इतिहासजमा झाली होती. १९५४ मध्येच सरकारने ती विकत घेतली होती. पण माणसं 'बार्शी लाईट'च म्हणत. माझ्या हाताखालचा चावीवाला रोज सकाळी हातोडा खांद्यावर टाकून आपल्या हद्दीतला रूळ चालत तपासायचा. चावी, म्हणजे रूळ जागेवर घट्ट धरणारी पाचर, सैल असेल तर हातोड्याचा आवाज बद्द येतो, घट्ट असेल तर खणखणीत. तो मला म्हणायचा, "साहेब, डोळ्यानं काय बघताय, कानानं बघा." छोट्या गाडीतून उतरून बोरं तोडून पुन्हा चढता येई हा विनोद मी किमान शंभरदा ऐकलाय, आणि जगातल्या प्रत्येक छोट्या लाईनबद्दल तो सांगितला जातो. खरं म्हणजे ती लाईन हळू होती कारण तिला स्वस्तात टाकायचं हाच तिचा जन्मापासूनचा हेतू होता. वळण आलं की वळायचं, चढ आला की चढायचं, डोंगर फोडायचा नाही. या काटकसरीवर हसणाऱ्यांना मी एकच विचारतो: महाग लाईन टाकायची असती तर १९११ साली लातूरला कोणी आणली असती?

आणि लातूरचं काय झालं ते पाहा. गाडी आली १९११ मध्ये आणि १९१७ मध्ये गंजगोलाई बसली, गोल बाजार आणि त्यातून फुटणारे सोळा रस्ते, फैयाजुद्दीन नावाच्या नगररचनाकाराने आखलेले. शेतमालाची पेठ आणि रेल्वे यांचं हे नातं शहराच्या नकाशावरच काढून ठेवलेलं आहे. तुम्ही वास्तुशास्त्राच्या आहात, एक दिवस काढून पाहून या.

आता ट्रामकडे. ट्राम आणि लाइट रेल्वे या चुलत बहिणी आहेत. लाइट रेल्वेने रूळ हलका केला. ट्रामने रूळ रस्त्यात गाडला. आणि रस्त्यात गाडणं हे वाटतं तितकं सोपं नाही.

घोड्याला रूळ कशासाठी, असं तुम्ही विचाराल. रबरी टायरची गाडी डांबरी रस्त्यावर ढकलायची तर टनामागे साधारण दहा किलोचा जोर लागतो. पोलादी चाक पोलादी रुळावर असेल तर दोन-तीन किलोत काम भागतं. १९ व्या शतकात तर डांबरी रस्ते आणि रबरी टायर जवळजवळ नव्हतेच, दगडगोट्यांच्या रस्त्यावर लाकडी चाकं होती. तेव्हा फरक याहूनही मोठा. म्हणजे तेच दोन घोडे रुळावर दुप्पट आणि त्याहून जास्त माणसं ओढत. वेल्समध्ये स्वान्सीजवळ १८०७ मध्ये रुळांवरून घोड्याच्या गाडीने प्रवासी नेले, न्यूयॉर्कमध्ये १८३२ मध्ये रस्त्यावरची घोडाट्राम आली. पण रूळ रस्त्याच्या वर डोकं काढून बसायचे. टांग्याचं चाक त्यात अडकायचं, आस मोडायचा, शिव्या ट्रामवाल्याला. १८५२ च्या सुमारास अल्फाँस लुबा या फ्रेंच माणसाने न्यूयॉर्कमध्ये खाचेचा रूळ आणला. रुळाच्या माथ्यातच एक चर, चाकाची कड त्या चरीत बसते आणि रूळ रस्त्याच्या पातळीला. लंडनमध्ये १८६१ साली जॉर्ज फ्रान्सिस ट्रेन (हो, आडनावच ट्रेन) नावाच्या अमेरिकनाने उंच रूळ टाकले आणि लोकांच्या बोंबाबोंबीने लवकरच उखडले. म्हणजे ट्राम जगली ती बोटभर रुंदीच्या एका चरीवर.

त्या चरीबद्दल दोन शब्द जास्त लिहितो, कारण पुस्तकात ही बाजू नसते. चर म्हटलं की तीत माती जाणार, खडे जाणार, पावसात पाणी साचणार. ती रोज साफ करायला माणूस लागतो, नाहीतर चाक खड्यावर चढून रुळावरून उतरतं. आणि रुळाखालची जमीन. परभणी, नांदेड, लातूरची काळी माती पावसाळ्यात फुगते आणि उन्हाळ्यात भेगाळते, एवढी की हात आत जाईल. साध्या लाईनवर खडी असते; चिखल वर आला तर खडी उपसायची, चाळायची, पुन्हा भरायची, रूळ उचलून जागेवर आणायचा. आमचा प्रत्येक पावसाळा यातच जायचा. पण रस्त्यात काँक्रीटमध्ये गाडलेला रूळ असा उचलता येत नाही. तिथे आधीच माती काढून मुरूम भरावा लागतो, निचऱ्याची गटारं करावी लागतात. संभाजीनगरच्या बऱ्याच भागात थोड्या खोलीवर मुरूम आणि काळा दगड लागतो, तिथे हा त्रास कमी. उद्या कोणी नांदेडमध्ये ट्रामचा खर्च संभाजीनगरच्या दराने सांगू लागला तर त्याला मातीचा अहवाल मागा.

मुंबईत ९ मे १८७४ रोजी घोड्यांची ट्राम सुरू झाली, कुलाबा ते पायधुणी आणि बोरीबंदर ते पायधुणी. भाडं सुरुवातीला तीन आणे, मग दोन. स्टर्न्स अँड किटरेज ही कंपनी, आणि तिच्या पागेत ९०० घोडे. हा आकडा ऐकून लोक थक्क होतात, पण हिशोब सरळ आहे: ट्रामचा घोडा दिवसात काही तासच ओढू शकतो, मग बदलावा लागतो. एका डब्यामागे आठ-दहा घोडे पाळावे लागत. दाणावैरण, नाल, तबेला, आजारपण. १८७२ मध्ये अमेरिकेत घोड्यांच्या तापाची साथ आली तेव्हा शहरंच्या शहरं ठप्प झाली होती. कोलकात्याने मुंबईच्याही आधी, फेब्रुवारी १८७३ मध्ये, सियालदा ते आर्मेनियन घाट अशी लाईन सुरू केली. प्रवासी मिळेनात म्हणून नोव्हेंबरात बंद. ट्राम पहिल्यापासून नफ्यात धावायची हा समज त्यामुळे सोडून द्या. आपल्या जवळच नाशिकला १८८९ पासून नाशिकरोड स्टेशन ते गाव अशी घोड्यांची ट्राम होती, तीही अडीच फुटी रुळावर.

विजेने हा घोड्यांचा हिशोब मोडला. सीमेन्सने १८८१ मध्ये बर्लिनजवळ लिश्टरफेल्डला विजेची ट्राम चालवली, आणि फ्रँक स्प्रेगने १८८८ मध्ये अमेरिकेतल्या रिचमंडला चढउतारांच्या रस्त्यांवर ती खऱ्या अर्थाने शहराच्या कामी आणून दाखवली. मद्रासला विजेची ट्राम ७ मे १८९५ ला आली, कोलकात्याला १९०२ मध्ये, मुंबईला ७ मे १९०७ ला. कानपूर आणि दिल्लीही त्याच सुमारास. यादी नीट पाहा. बंदरं, छावण्या, गिरण्या, राजधानी. १८७२ च्या मोजणीत मुंबईत साडेसहा लाख माणूस होता. त्या मानाने औरंगाबाद शतकाच्या सुरुवातीला पन्नास हजारांच्या आतलं गाव. टांग्याने अर्ध्या-पाऊण तासात वेशीपासून वेशीपर्यंत जाता येत असताना रुळात पैसा कोण घालणार?

दुसऱ्या प्रश्नाचं उत्तर इथे अर्धं झालं. उरलेलं अर्धं निजामाच्या रेल्वेकडे आहे. हैदराबाद ते मनमाड ही मीटरगेज लाईन १९०० च्या सुमारास पूर्ण झाली आणि औरंगाबाद, जालना, परभणी, नांदेड तिच्यावर आली. पुढे १९३२ मध्ये याच निजाम स्टेट रेल्वेने स्वतःचा रस्ते वाहतूक विभाग काढला, २७ बस आणि १६६ कर्मचारी घेऊन. आपल्याकडची सरकारी बस रेल्वेच्या घरातच जन्मली. मराठवाडा १९५६ मध्ये मुंबई राज्यात आला, आणि इथली 'स्टेट ट्रान्सपोर्ट मराठवाडा' १९६१ मध्ये एसटी महामंडळात विलीन झाली. म्हणजे आपली शहरं ट्राम परवडण्याइतकी मोठी व्हायच्या आत बस येऊन उभी होती. मुंबईने टांगा, घोडाट्राम, वीजट्राम, बस अशा पायऱ्या चढल्या. आपण टांग्यावरून थेट बसमध्ये आणि तिथून रिक्षात बसलो. यात मागासलेपण वगैरे काही नाही. वेळ जुळली नाही.

मग ज्यांच्याकडे ट्राम होत्या त्यांच्या का गेल्या? इथे मी थोडा थांबणार आहे, कारण याची जी उत्तरं दिली जातात त्यांतली निम्मी मला पटत नाहीत. मोटार कंपन्यांनी कट केला, हे अमेरिकेबद्दल सांगतात. त्यात तथ्यांश आहे, पण कटाची गरज पडावी अशी ट्रामची प्रकृती उरलीच नव्हती. खरं दुखणं जुन्या करारांत होतं. इंग्लंडच्या १८७० च्या ट्राम कायद्यात एक कलम होतं: दोन रुळांमधला रस्ता आणि रुळांबाहेर १८ इंचांपर्यंतचा रस्ता ट्राम कंपनीने दुरुस्त ठेवायचा. घोड्यांच्या काळात हे न्यायाचं होतं, कारण घोड्यांच्या टापांनी तोच रस्ता उखडत असे. वीज आली, घोडे गेले, कलम राहिलं. मग मोटारी आणि बस आल्या. त्या धावायच्या ट्राम कंपनीने स्वखर्चाने गुळगुळीत ठेवलेल्या रस्त्यावरून, आणि ट्रामचेच प्रवासी पळवायच्या. वर भाडं वाढवायला परवानगी लागे आणि ती सहजी मिळत नसे. त्याच कायद्यात २१ वर्षांनी नगरपालिकेला लाईन विकत घेण्याचा हक्क होता, म्हणून मुदत जवळ आली की कंपनी नवा पैसा घालायची बंद. रूळ झिजले, डबे खिळखिळे झाले आणि लोक म्हणू लागले, ट्राम जुनाट झाली. भाड्याच्या घराची डागडुजी भाडेकरू शेवटच्या वर्षी करत नाही, तसंच हे.

दुसरं कारण मी रस्त्यावर उभं राहून शिकलो. ट्राम बाजूला होऊ शकत नाही. तिच्या पट्ट्यात एक हातगाडी उभी राहिली की मागच्या दहा ट्राम थांबतात. जिथे ट्रामचा पट्टा राखून ठेवला तिथे ती चालली, जिथे तो सगळ्यांना मोकळा केला तिथे मेली. कोलकात्यात काही रस्त्यांवर ट्रामचा स्वतंत्र पट्टा होता. गेल्या तीसेक वर्षांत मोटारींना जागा हवी म्हणून बऱ्याच ठिकाणी तो फरसबंद करून खुला केला. ट्राम अडकू लागली, मग ट्राम रस्ता अडवते अशी तक्रार सुरू झाली. मुंबईची शेवटची ट्राम ३१ मार्च १९६४ च्या रात्री बोरीबंदरहून दादरला गेली. मद्रासची १९५३ मध्येच थांबली होती, दिल्लीची १९६३ मध्ये, आणि लंडनने १९५२ मध्येच निरोप दिला होता. याउलट मेलबर्नने ट्राम ठेवली आणि आज तिथे सुमारे २५० किलोमीटरचं, जगातलं सर्वांत मोठं जाळं आहे.

लाइट रेल्वेही तशीच मागे पडली, पण तिचं दुखणं वेगळं. कुर्डुवाडीला छोटी लाईन मोठ्या लाईनला भेटत असे. लातूरहून निघालेलं प्रत्येक पोतं तिथे एका डब्यातून काढून दुसऱ्यात भरावं लागे. हमाली दोनदा, सांडलवंड दोनदा, वेळ वेगळाच. कॅलथ्रॉपलाही हे ठाऊक होतं. लीक-मॅनिफोल्डवर त्याने मोठ्या लाईनचा डबाच छोट्या गाडीच्या पाठीवर चढवून नेण्याची सोय केली होती. आपल्याकडे ट्रक आला. तो आडतीच्या दारातून थेट दुसऱ्या गावच्या आडतीच्या दारात जातो. पोतं एकदाच उचलायचं असेल तर कुर्डुवाडीला कोण जाईल?

तिसरा प्रश्न, परतीचा. 'लाइट रेल' हे नाव अमेरिकेत १९७२ च्या सुमारास सरकारी कागदांत रुळलं, कारण ट्राम म्हटलं की लोकांना म्हातारी खडखडणारी गाडी आठवे. नाव बदललं, पण खरा बदल पट्ट्याचा होता: रूळ रस्त्यातच, पण शक्यतो स्वतंत्र, आणि सिग्नलवर आधी गाडीला वाट. कॅनडात एडमंटन १९७८, अमेरिकेत सॅन दिएगो १९८१. फ्रान्समध्ये नांत शहराने १९८५ मध्ये नवी ट्राम सुरू केली. ज्या महापौरांनी ती आणली ते आलाँ शेनार १९८३ ची निवडणूक हरले होते, आणि आज नांतचा उल्लेख ट्रामशिवाय होत नाही. ग्रनोबलने १९८७ मध्ये खालच्या पातळीचा डबा आणला, चाकाच्या खुर्चीतला माणूस फलाटावरून सरळ आत जाईल असा. ही मागणी अपंगांच्या संघटनांनी लावून धरली होती, इंजिनिअरांच्या डोक्यातून ती आली नव्हती.

तुमच्या चौथ्या प्रश्नासाठी मात्र स्ट्रासबूर्ग या फ्रेंच शहराबद्दल वाचा. तिथे १९८० च्या दशकात वाद होता: जमिनीखालून छोटी स्वयंचलित मेट्रो की जमिनीवरून ट्राम? १९८९ ची महापालिका निवडणूक बऱ्याच अंशी याच मुद्द्यावर झाली. दुकानदारांना मेट्रो हवी होती, कारण मेट्रो खालून जाते आणि वर मोटारींची जागा तशीच राहते. कॅथरिन त्रोतमान निवडून आल्या, त्यांनी ट्राम निवडली, शहराच्या मुख्य चौकातून मोटारी बाहेर काढल्या आणि १९९४ मध्ये गाडी धावली. वाद वरवर गाडीचा होता, आतून तो मोटारींकडून जागा काढून घ्यायची की नाही याचा होता.

आपल्याकडे केंद्राच्या २०१७ च्या मेट्रो धोरणाने एक चांगली अट घातली: मेट्रो मागण्याआधी इतर पर्याय तपासून दाखवा. २०१९ मध्ये 'मेट्रोलाइट'ची मानकं आली, म्हणजे सरकारी भाषेतली ट्रामच: तीन डबे, एका फेरीत साधारण ३०० माणसं, तासाला एका दिशेने १५,००० पर्यंत प्रवासी, उन्नत मेट्रोच्या सुमारे ४० टक्के खर्चात. मग त्याहून हलकी, रबरी टायरची 'मेट्रो निओ', तासाला ८,००० पर्यंतची. २०२१ च्या अर्थसंकल्पात नाशिकसाठी ती जाहीरही झाली. संभाजीनगरमध्येही शेंद्रा ते वाळूज अशा मार्गाच्या चर्चा आणि आराखडे झाले.

माझं मत विचारलंत तर गाडी कोणती हा शेवटचा प्रश्न आहे. काही वर्षांपूर्वी मराठवाड्यातल्याच एका शहरात आम्ही मुख्य रस्त्याची मोजणी केली. सकाळी सहा ते रात्री दहा, चौकाचौकांत पोरं पाटी घेऊन बसलेली, चार उभ्या रेघा आणि पाचवी आडवी. बस किती, रिक्षा किती, रिक्षात माणसं किती. एका पोराने दुपारी मला विचारलं, "सर, ड्रायव्हरच्या दोन्ही बाजूंना बसलेले मोजायचे का?" मी म्हटलं, त्यांनाच आधी मोज. शेअर रिक्षा हीच आपली खरी सार्वजनिक वाहतूक आहे हे त्या पाट्यांवर दिसत होतं. आमच्या अहवालात आम्ही एवढंच सुचवलं होतं की रस्त्याच्या मधला पट्टा बससाठी राखून ठेवा, पुढेमागे रूळ टाकायचे झाले तर जागा तयार असेल. अहवाल कपाटात गेला. मधल्या पट्ट्यावर उड्डाणपुलाचे खांब आले, आणि त्या खांबांच्या मधे आता दुचाक्या लावतात. खांब एकदा उभे राहिले की पन्नास वर्षं तिथून ट्राम काय, रांगेत बससुद्धा जात नाही.

लातूरमध्ये याच्या उलट संधी होती. छोटी लाईन गावात शिरत असे. ब्रॉडगेज झाली तेव्हा नवं स्टेशन बाहेर गेलं आणि जुनी जागा मोकळी झाली. पत्त्यांत अजून 'जुनी रेल्वे लाईन' लिहितात. शहराच्या पोटातून जाणारा, एकेकाळी रूळ असलेला पट्टा! युरोपातल्या शहरांना असा पट्टा मिळाला की ती सण साजरा करतात. छोट्या लाईनची ब्रॉडगेज करण्याच्या या रुंदीकरणात धाराशिवचा मात्र फायदा झाला. जुनी लाईन गाव टाकून येडशीवरून जायची; ब्रॉडगेजच्या वेळी मार्ग वळवून शहरापर्यंत आणला, आणि २००७-०८ मध्ये गाडी आली. बार्शीला डावलल्यामुळे जी लाईन जन्मली तिनेच शंभर वर्षं धाराशिवला डावललं होतं.

आणि रुंदीकरण चूक होतं असं मी म्हणत नाही, हेही लिहून ठेवतो. एप्रिल २०१६ मध्ये लातूरला पाणी घेऊन जलदूत गाडी मिरजेहून निघाली, १२ तारखेला पोचली. पहिल्या खेपेला दहा टाक्या, सुमारे पाच लाख लिटर. नंतर पन्नास टाक्यांची. ती आली कोणत्या मार्गाने? मिरज, पंढरपूर, कुर्डुवाडी, लातूर. बार्शी लाईटचीच वाट, फक्त चौपट जड रुळावर. पाच टनांच्या आसावर एवढं पाणी वेळेत आलं नसतं. मी त्या दिवशी टीव्हीसमोर बसून स्टेशनांची नावं मोजत होतो, आणि घरातले म्हणाले, पाण्याचं बघा, स्टेशनांचं काय घेऊन बसलात.

तुमच्या प्रबंधासाठी आता करायचं काय, ते सांगतो. नकाशावरची रुंदी घेऊ नका, ती कागदावरची असते. टेप घ्या. दुहेरी ट्रामच्या रुळांना साधारण ७ मीटर जागा लागते. दोन्ही बाजूंना मोटारींच्या दोन-दोन मार्गिका, मिळून १४. पदपथ अडीच-अडीच मीटर, म्हणजे ५. थांब्यांच्या फलाटाला आणि झाडांना ४. बेरीज ३० मीटर, शंभर फूट. जालना रोडवर क्रांती चौक, मोंढा नाका, सेव्हन हिल्स आणि सिडको या चार ठिकाणी पुलाच्या दोन्ही अंगांना उरलेला रस्ता मोजा, कारण सबंध मार्गाची रुंदी म्हणजे त्यातल्या सर्वांत अरुंद जागेची रुंदी. दुकानांच्या पायऱ्या आणि बाहेर आलेले फलक धरूनही मोजा, वगळूनही मोजा, आणि दोन्ही आकडे लिहा. जुन्या शहरात दरवाज्यांपाशी मोजायला जाऊ नका. तिथे ट्राम नेण्याचा विचारही करू नका, तिथे पायी माणूस आणि छोटी विजेची बस पुरे. टेपचं दुसरं टोक धरायला कोणीतरी सोबत असू द्या आणि सकाळी सहाला जा. साडेआठनंतर टेप रस्त्यावर टेकूही देत नाहीत.